हलगीवाला पोरगा आणि ‘फँड्री’चा जब्या : एक प्रकरण अभ्यास

६१व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत उत्कृष्ट बालकलाकाराचा पुरस्कार दोघांत विभागून दिला गेला. एक वाटा तमिळ चित्रपटातल्या साधनाला मिळाला, दुसरा ‘फँड्री’ या मराठी चित्रपटातल्या सोमनाथ अवघडेला. सोमनाथ केमचा. सोलापूर जिल्ह्याच्या करमाळा तालुक्यातलं, कुंकवासाठी ओळखलं जाणारं, दौंड-सोलापूर रेल्वेमार्गावरचं हे गाव. अभिनयाचं कसलंही शिक्षण त्याच्या गाठीला नव्हतं. हातात होती ती हलगी. त्याच वर्षी ‘फँड्री’साठी नागराज मंजुळे यांना पदार्पणातल्या दिग्दर्शकाचा इंदिरा गांधी पुरस्कारही मिळाला.

तेव्हापासून ‘फँड्री’चा विषय निघाला की एक वाक्य हमखास कानावर येतं : “तो पोरगा कुठं अभिनय करतोय, तो आहेच तसा.” म्हणणारा कौतुकानेच म्हणतो, पण मला ते वाक्य फार खटकतं. सोमनाथने केलेलं काम त्या एका वाक्यात पुसलं जातं, आणि त्याच्याकडून ते करून घेणाऱ्याचंही. शिवाय त्यातून मागून आलेल्या अनेकांनी सोयीचा धडा घेतला. उन्हात रापलेला, कॅमेरा न पाहिलेला पोरगा गावातून उचलून आणला की गाव आपोआप पडद्यावर उतरतं, असा तो धडा. तसं होत नाही. अशी माणसं घेऊन केलेले कितीतरी चित्रपट आणि लघुपट आपण पाहिले, ज्यात चेहरे गावचे आणि गाव मात्र कुठलंच नाही. म्हणून हे एकच प्रकरण नीट उलगडून बघू : सोमनाथचा जब्या, म्हणजे ‘फँड्री’चा नायक, कसा झाला, त्यात काय त्याने आणलं, काय दुसऱ्यांनी पुरवलं, आणि या सगळ्याची किंमत काय असते.

आधी पडद्यावर कोणतं गाव होतं

मराठी चित्रपटाला गाव नवीन नाही. कोल्हापूरच्या स्टुडिओंनी पिढ्यान्‌पिढ्या गाव उभं केलं. पाटलाचा वाडा, पाणवठा, जत्रा, फड, सवाल-जवाब. त्यात तमाशातले खरे कलावंतही असत, आणि त्यांच्या ढोलकीला, अदाकारीला तोड नव्हती, हे मान्यच करायला हवं. पण बोलणं मात्र एकाच साच्याचं. ‘ण’चा ‘न’ केला, ‘आहे’चं ‘हाय’ केलं, शेवटी एक ‘जी’ लावला की झालं ग्रामीण मराठी. चंदगडचा माणूस, करमाळ्याचा माणूस आणि पुसदचा माणूस पडद्यावर एकच बोली बोलायचे. खऱ्या आयुष्यात ही तिघं एका एस.टी.त बसली तर एकमेकांच्या बोलण्याची गंमत वाटून हसतील.

दुसरी गोष्ट जास्त गंभीर. त्या पडद्यावरच्या गावाला वेस होती, पण वेशीबाहेरची माणसं नव्हती. कैकाडी, वडार, पारधी हे लोक आले तर चोर म्हणून, नाहीतर विनोदाला. १८७१च्या कायद्याने इंग्रजांनी ज्या जमातींना जन्मजात गुन्हेगार ठरवलं, त्यांची त्या शिक्क्यातून सुटका झाली १९५२ साली. स्वातंत्र्यानंतरही पाच वर्षं गेली होती. कागदावरचा शिक्का गेला, गावाच्या नजरेतला गेला नाही. ‘फँड्री’ हे कैकाडी बोलीतलं डुकराचं नाव, आणि चित्रपट त्या वेशीबाहेरच्या माने कुटुंबाचा. कचरू माने, त्याची बायको, लेकी, आणि शाळेत जाणारा मुलगा जांबुवंत, म्हणजे जब्या. कथा घडते नगर जिल्ह्यातल्या अकोळनेर गावात. जब्याला वर्गातली शालू आवडते. काळी चिमणी सापडली, तिची राख शालूच्या अंगावर टाकली की ती आपल्याला वश होईल, असं त्याच्या मनात भरवलं गेलं आहे. इकडे बहिणीचं लग्न ठरतंय, हुंड्याला पैसे नाहीत, आणि गावात जत्रेच्या तोंडावर डुकरांचा उपद्रव वाढलाय. ती धरायचं काम कुणाचं, हे गावाला विचारावं लागत नाही.

अशा कथेला जब्या कुठून आणायचा? हा प्रश्न नागराजपुढे होता, आणि हेच आपलं प्रकरण.

केमचा पोरगा आणि जेऊरचा दिग्दर्शक

केममध्ये हलगी वाजवताना नागराजनी सोमनाथला पाहिलं. विचारलं, तर पोरगा तयार होईना. शोधणाऱ्याला तो हवा होता, त्याला चित्रपट नको होता. या नकाराकडे बहुतेक जण मजेशीर किस्सा म्हणून बघतात. मला त्यात फार काही दिसतं. शहरातून कास्टिंगला आलेल्या माणसासमोर गावातलं जे पोर ‘मी करतो, मी करतो’ म्हणत पुढे येतं, त्याने बहुधा टीव्हीवर पाहिलेला अभिनय आधीच अंगात भिनवलेला असतो. त्याला उभं केलं की तो संवाद ‘टाकतो’. सोमनाथला काहीच टाकायचं नव्हतं. जब्याही तसाच आहे. लोकांनी आपल्याकडे बघू नये असं वाटणारा, आणि एकाच मुलीने बघावं म्हणून जीव टाकणारा.

आणखी एक. नागराज जेऊरचे. जेऊर आणि केम एकाच तालुक्यातली, एकाच रेल्वेमार्गावरची, थोड्या अंतरावरची गावं. नकार देणारा पोरगा का नकार देतोय, तो लाजतोय की घाबरतोय की त्याला हे सगळं खोटं वाटतंय, हे समजून घ्यायला दिग्दर्शकाला दुभाषा लागला नाही. पोराच्या घरी जाऊन बसायचं, चहा घ्यायचा, आईवडिलांशी कुठल्या सुरात बोलायचं, हे त्यांना शिकावं लागलं नाही. नागराज स्वतः वडार समाजातले. पडद्यावरचं कुटुंब कैकाडी. म्हणजे ते निव्वळ आपल्या घरचं सांगत नव्हते, पण ज्या अंतरावरून सांगत होते ते अंतर एका पालापासून शेजारच्या पालाइतकंच होतं. आपल्याकडे ‘गावातले खरे कलाकार’ या गोष्टीची चर्चा नेहमी कलाकारापासून सुरू होते. माझ्या मते ती दिग्दर्शकापासून सुरू व्हायला हवी. समोरच्याकडे काय आहे हे ओळखायला आधी आपल्याकडे ते थोडंतरी असावं लागतं.

मग हलगी. हलगी वाजवणारं पोर म्हणजे काय असतं? एका हातात जाड टिपरू, दुसऱ्या हातात बारीक लवचिक काडी. वाजवायच्या आधी चामडं जाळावर शेकून ताणायचं, ते किती तापलं हे कानाने आणि बोटाने ओळखायचं. मग तास-तास चालत वाजवायचं. लग्नाची वरात असो, जत्रेची मिरवणूक असो नाहीतर मयत, पुढे हलगी. गावगाड्याने ते काम ज्या जातींच्या गळ्यात अडकवलं, त्यांच्या पोरांना एक विचित्र शिक्षण आपोआप मिळत आलंय : सगळ्यांच्या पुढे राहायचं, सगळ्यांना आपल्या तालावर नाचवायचं, आणि तरी कुणाच्या खिजगणतीत नसायचं. अंगात ताल, पायात दम, आणि लोकांच्या नजरेत असूनही अदृश्य राहायची सवय. कॅमेऱ्यासमोर उभं राहणाऱ्याला आणखी काय लागतं? नाट्यशिबिरात हे शिकवायला वर्षं जातात. म्हणून सोमनाथ ‘अप्रशिक्षित’ होता हे मला कधी पटलेलं नाही. त्याचं प्रशिक्षण वेगळ्या गुरूकडे झालं होतं एवढंच.

भूमिका कशी लिहिली गेली

इथे मुख्य गंमत आहे. जब्याच्या वाट्याला आलेल्या प्रसंगांकडे लक्ष देऊन बघा. तो भावना बोलून दाखवतो असे प्रसंग अगदी थोडे. बाकी वेळ तो काहीतरी करत असतो. चित्रपट उघडतो तोच माळावर, बाभळीच्या काट्यांत, गलोल घेऊन चिमणीमागे फिरणाऱ्या जब्याबरोबर. पाय कुठे टाकायचा, वाळक्या पाचोळ्याचा आवाज होऊ न देता कसं सरकायचं, कुठे थांबायचं, श्वास कसा धरायचा. या सगळ्यात एकही संवाद लागत नाही, आणि यातली एकही गोष्ट शहरातल्या पोराला चार दिवसांत शिकवून जमणार नाही. त्याचे डोळे झाडावर आहेत, पायांना काटे माहीत आहेत.

नाक सरळ आणि धारदार व्हावं म्हणून तो झोपताना नाकाला चिमटा लावतो. तोंडाला पावडर फासतो. जीन पँटसाठी पैसे हवेत म्हणून उसनी सायकल घेऊन तालुक्याच्या गावी बर्फाच्या कांड्या विकायला जातो, आणि ती सायकल ट्रकखाली चेंगरते. या प्रसंगात मोठ्या नटाला ओरडून रडायची संधी होती. सोमनाथला रडायला लावलेलं नाही. मोडलेल्या वस्तूकडे बघत राहायचं एवढंच त्याचं काम. उसनी आणलेली वस्तू मोडली की गरिबाघरच्या पोराच्या मनात पहिला प्रश्न येतो तो ‘आता काय सांगायचं?’ हा. दुःखाचा नंबर त्यानंतर लागतो. ते त्याच्या चेहऱ्यावर आहे.

नवख्या माणसाकडून काम करून घेण्याचं खरं तंत्र हेच. त्याला ‘उदास हो’ म्हणायचं नाही. त्याला काम द्यायचं, आणि ते काम कथेत अशा जागी ठेवायचं की उदासपणा प्रेक्षकाला दिसेल. पण त्यासाठी पटकथा तशी असावी लागते. पुण्या-मुंबईत बसून पानभर संवाद लिहायचे, ते गावातल्या पोराकडून पाठ करून घ्यायचे आणि मग ‘नॅचरल बोल’ म्हणून त्याच्यावर खेकसायचं, हा प्रकार आजही सर्रास चालतो. त्यानंतर त्याला डबिंगच्या खोलीत हेडफोन लावून उभं करतात. माळावर धावताना लागलेला दम बंद खोलीत कुठून आणायचा त्याने? तिथे नामवंत नटांचीही तारांबळ उडते. मग तयार झालेलं बघून निर्माता म्हणतो, पोरगा कच्चा आहे.

डुकराचा पाठलाग

सगळ्या चित्रपटाचा कस लागतो तो शेवटच्या लांबलचक प्रसंगात. माने कुटुंब डुकरं धरायला निघतं, आणि जागा नेमकी शाळेजवळची. दोरीचे फास लावलेत, बाप दबा धरून बसलाय, आई आणि बहिणी कडेने डुकराला हाकतायत. बांधावर, भिंतीवर शाळेतली पोरं आणि गावातली टगी जमलेली. त्यांना फुकटचा खेळ मिळालाय. क्रिकेटची कॉमेंट्री करावी तशी टिंगल चाललीय, कुणी मोबाइलवर फोटो काढून फेसबुकवर टाकतंय. आणि त्या गर्दीत शालू.

जब्या इथे काय करतो? लपतो. भिंतीच्या आड, झुडपाच्या आड. बाप हाका मारतोय, आणि हा अंग चोरून बसलाय. हा प्रसंग मी पुन्हा पुन्हा पाहिलाय तो सोमनाथच्या खांद्यांसाठी. लाज वाटणाऱ्या माणसाचे डोळे आधी खाली जातात असं आपल्याला वाटतं, नटही तेच करतात. या पोराचे आधी खांदे आत जातात. अंगाचं आकारमान कमी करायचा तो प्रयत्न आहे. डोळे मात्र चोरून वर, कोण बघतंय ते बघत. शेवटी बापाच्या हाती सापडतो, मार खातो, आणि मग धावतो. आधीच्या तासभरात माळावर चिमणीमागे धावणारा जब्या आणि इथे डुकरामागे धावणारा जब्या यांच्या धावण्यात फरक आहे. तिकडे पाय हलके होते. इकडे प्रत्येक पाऊल कुणीतरी ढकलल्यासारखं पडतं. हा फरक अपघाताने येत नाही. ‘तो आहेच तसा’ म्हणणाऱ्यांनी हे दोन पाठलाग शेजारी शेजारी ठेवून बघावेत.

ऐन वेळी शाळेतून राष्ट्रगीत सुरू होतं. सगळे जिथल्या तिथे थबकतात. कचरू, बायको, लेकी, जब्या, टिंगल करणारी पोरं, सगळे. डुकराला अर्थातच उभं राहायचं नाही. इतक्या थोड्या वेळात, एकही शब्द न बोलता, या कुटुंबाचं देशाशी काय नातं आहे ते सांगून टाकलंय. हा विचार पूर्णपणे दिग्दर्शकाचा. पण तो विचार विचार वाटत नाही, प्रसंग वाटतो, कारण उभं राहणारे लोक ‘अर्थपूर्ण’ उभे राहिलेले नाहीत. शाळेत रोज उभे राहतात तसेच उभे आहेत. सराईत नटाला असा प्रतीकाचा क्षण आला की तो कळत-नकळत त्याचं वजन चेहऱ्यावर घेतो. इथे ते वजन कुणी घेतलेलं नाही, म्हणून ते आपल्यावर येऊन पडतं.

पुढे धरलेलं डुक्कर काठीला बांधून खांद्यावरून नेताना मागच्या भिंतीवर बाबासाहेब, जोतीराव-सावित्रीबाई यांची चित्रं येतात. त्या चौकटीबद्दल खूप लिहिलं गेलंय, मी पुन्हा लिहीत नाही. फक्त एवढंच, की त्यात नटांचं काम चालण्याचं आहे. ओझं घेऊन, अंग तिरकं करून, पुढच्याच्या पावलात पाऊल टाकत चालायचं. ते खोटं झालं असतं तर भिंतीवरची चित्रं पोस्टर वाटली असती.

आणि शेवटचा दगड. संपूर्ण चित्रपटभर जब्या कॅमेऱ्याकडे बघत नाही. नवख्यांची ती नेहमीची चूक, सारखी नजर लेन्सकडे जाते. सोमनाथची जात नाही. मग अगदी शेवटी, बहिणीवरून टिंगल झाल्यावर, अपमानाचा कडेलोट झाल्यावर, तो दगड भिरकावतो तो थेट आपल्याकडे. इतका वेळ आपण ज्याच्याकडे निवांत बघत बसलो होतो, त्याने आपल्याला पाहिलेलं होतं.

नवख्यांच्या शेजारी कसलेले

गावातल्या माणसांचा आग्रह धरणारे एक गोष्ट सोयीस्कर विसरतात. ‘फँड्री’त सगळेच नवखे नाहीत. कचरू माने झालेत किशोर कदम. सत्यदेव दुबे यांच्या तालमीत तयार झालेले रंगकर्मी, ‘सौमित्र’ नावाने लिहिणारे कवी. आईच्या भूमिकेत छाया कदम, त्याही रंगभूमीवरून आलेल्या. हिशेब सरळ आहे. गावापुढे लाचार होणं, पोरावर हात उचलणं, पैशासाठी हातापाया पडणं, मनातली आग गिळणं, असे भावनेचे चढउतार जिथे पुन्हा पुन्हा, तितक्याच नेमकेपणाने द्यावे लागतात, तिथे कसलेला नट लागतो. जिथे शरीराला त्या जगाची सवय असावी लागते, तिथे सोमनाथ.

या वाटणीचा फायदा एका दिशेने झालेला नाही. नवख्या पोराला समोर भक्कम बाप मिळाला, हे खरंच. पण मला वाटतं जास्त फायदा उलट्या बाजूने झाला. पट्टी ठरवली ती पोराने. शेजारी सोमनाथ असताना किशोर कदमांना रंगमंचावरचं एक अक्षरही वापरणं शक्य नव्हतं. जरा आवाज चढला, जरा वाक्य रंगलं की उघडं पडलं असतं. म्हणून कचरू इतका वाकलेला, इतका कमी बोलणारा झाला. त्यांच्या कारकिर्दीतलं हे सर्वांत संयमी कामांपैकी एक आहे असं मी म्हणेन, आणि त्याचं थोडं श्रेय केमच्या पोराला देईन.

माने कुटुंब घरात कैकाडी बोलतं, हाही असाच निर्णय. कैकाडी ही द्राविडी कुळातली, तमिळच्या जवळची बोली. मराठी प्रेक्षकाला कळणार नाही, खाली ओळी द्याव्या लागणार. मराठी चित्रपटात घरातली माणसं मराठी बोलत नाहीत आणि प्रेक्षकाला ओळी वाचाव्या लागतात, हे धाडसच होतं. पण त्यामुळे एक गोष्ट साधली. जब्या शाळेत एक बोलतो, घरी दुसरं. घराचा उंबरा ओलांडताना त्याची भाषा बदलते आणि भाषेबरोबर मान वर-खाली होते. वर्गात चोखोबांचा ‘ऊस डोंगा परी रस नोहे डोंगा’ शिकवला जातो, बाकावर जब्या बसलेला असतो, आणि घरी ज्या भाषेत त्याला हाक मारतात ती भाषा त्या वर्गात कुणाच्या कानावरही पडलेली नसते. पोषाख, मेकअप, झोपडी यांतलं काहीही हे दाखवू शकलं नसतं.

आणि शालू? ती भूमिका केलेली राजेश्वरी खरात पुण्याची. म्हणजे अस्सलपणाच्या कट्टर पंथीयांनी इथे तक्रार करायला हरकत नाही. पण शालू आपल्याला दिसते ती जब्याच्या नजरेतून, लांबून, वर्गाच्या दुसऱ्या टोकाला. तिच्या तोंडी फार बोलणंही नाही. ती त्या मातीतली वाटली नाही, थोडी वेगळीच, हाताला न लागणारी वाटली, तर बरंच. कुणाला गावातून घ्यायचं आणि कुणाला बाहेरून आणायचं हे इथे तत्त्वावर ठरलेलं नाही, भूमिकेच्या गरजेवर ठरलंय. मला हे फार शहाणपणाचं वाटतं. जब्याचा दोस्त पिऱ्या झालेला सूरज पवार तर त्याआधी नागराजच्या ‘पिस्तुल्या’ लघुपटात होता, म्हणजे त्याला कॅमेऱ्याची ओळख होती. पुढे ‘सैराट’मध्ये तोच आर्चीचा भाऊ प्रिन्स झाला. गरीब दोस्तापासून माजोरड्या पाटलाच्या पोरापर्यंत. ‘ती पोरं फक्त स्वतःलाच साकारतात’ असं म्हणणाऱ्यांना हे एक उदाहरण पुरेसं व्हावं.

एक आक्षेप, जो मी गंभीरपणे घेतो

वेशीबाहेरच्या पोराला त्याच्याच जगातला अपमान पुन्हा जगायला लावायचा, तो चित्रित करायचा, आणि मग लंडनच्या, मुंबईच्या महोत्सवांत दाखवायचा, हे योग्य आहे का? गर्दीत उभं राहून टिंगल करणारी पोरं आणि ज्याची टिंगल होतेय तो, यांनी ‘कट’ झाल्यावर एकत्र वडापाव खायचा असतो. मोठा नट भूमिका उतरवून घरी जातो. गावातलं पोर भूमिका उतरवून त्याच गावात जातं.

याला पूर्ण उत्तर नाही. मात्र ‘फँड्री’च्या बाजूने एक गोष्ट आहे. हा चित्रपट जब्याची कीव करत नाही. त्याला राग येऊ देतो, आणि तो राग शेवटपर्यंत शमवत नाही. बाहेरचा दिग्दर्शक असता तर शेवटी कुणीतरी चांगला शिक्षक आला असता, नाहीतर शालूने मागे वळून पाहिलं असतं. नागराज स्वतः चित्रपटात आहेत ते सायकलच्या दुकानवाल्या चंक्याच्या भूमिकेत, जब्याला काळ्या चिमणीच्या नादाला लावणारा, स्वतःच मोडलेला माणूस. कॅमेऱ्यामागे राहून दुसऱ्यांना उघडं करण्यापेक्षा स्वतः त्या चौकटीत जाऊन उभं राहणं, याला किंमत आहे.

चित्रपट संपल्यावर

या विषयातलं सर्वांत दुर्लक्षित पान हे. १९४८ साली इटलीत ‘बायसिकल थीव्ज’ आला. त्यातला बाप झालेला लॅम्बेर्तो माज्जोरानी रोमच्या ब्रेडा कारखान्यातला कामगार होता. जगाने त्याचं काम डोक्यावर घेतलं. तो कारखान्यात परतला आणि थोड्याच काळात कामगारकपातीत त्याची नोकरी गेली. बेकारीवरच्या जगप्रसिद्ध चित्रपटाचा नायक बेकार झाला.

आपल्याकडेही यश सरळ पचलेलं नाही. ‘सैराट’ २०१६च्या एप्रिलमध्ये लागला आणि अकलूजच्या रिंकू राजगुरूला रोज शाळेत जाणं मुश्कील झालं. दहावीची परीक्षा तिने बाहेरून दिली. तिच्या अभिनयाला राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष उल्लेख मिळाला, पुढे तिने आपली वाट केली, हे आनंदाचं. पण चौदा-पंधरा वर्षांच्या मुलीची शाळा सुटली ही नोंदही त्याच पानावर राहील. सोमनाथ २०२१ साली ‘फ्री हिट दणका’त नायक म्हणून दिसला. ‘फँड्री’ लागला होता १४ फेब्रुवारी २०१४ला. राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेल्या पोराला नायक व्हायला इतकी वर्षं लागली, कारण आपल्या उद्योगाला त्याच्यात जब्या दिसत होता, नट दिसत नव्हता. ‘तो आहेच तसा’ या वाक्याचं बिल असं येतं. आणि ते कलाकाराच्या नावावर फाडलं जातं.

आता कायद्याने काही गोष्टी बांधून दिल्यात. बालमजुरी कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली आणि २०१७च्या नियमांनुसार बालकलाकाराला दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती द्यावीच लागते, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त काम चालत नाही. चित्रीकरणाआधी जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते, शाळा बुडणार नाही याची हमी द्यावी लागते, आणि त्याच्या कमाईतले किमान वीस टक्के त्याच्या नावावर मुदत ठेवीत टाकावे लागतात. गावात कॅमेरा घेऊन जाणाऱ्या किती तरुण दिग्दर्शकांना हे ठाऊक आहे? लघुपट करणारी पोरं तर ‘आपल्याच गावातला आहे, घरचाच समजा’ म्हणून कागदसुद्धा करत नाहीत. घरचा समजायचं असेल तर त्याच्या नावाने बँकेत खातं उघडून द्यावं, आणि त्याच्या बुडालेल्या शाळेचा अभ्यास घेणारा एक माणूस युनिटमध्ये ठेवावा. बजेटमध्ये ड्रोनचं भाडं बसतं, तर हेही बसेल.

मोठ्या माणसांच्या बाबतीत तर तेवढाही विचार होत नाही. गर्दीत उभा राहिलेला शेतकरी, आपलं घर चित्रीकरणाला दिलेली म्हातारी, जत्रेच्या दृश्यात दिवसभर वाजवणारा हलगीचा ताफा. यांना रोजगार बुडाल्याचे पैसे मिळावेत, श्रेयनामावलीत ‘ग्रामस्थांचे आभार’ या एका ओळीऐवजी नावं यावीत, आणि तयार झालेला चित्रपट शहरात लागण्याआधी त्यांना त्यांच्याच शाळेच्या मैदानात पडदा बांधून दाखवावा. तिथे पहिल्या दहा मिनिटांत कळतं, कुठला शब्द खोटा पडलाय ते.